आधी गेला, मग आला

"शुक्रवारच्या स्क्रीनिंगमधून ही फिल्म काढ," हेलन म्हणाली. "मुलगी आधी बापाला सोडत नाही आणि मग त्याला ओळखतच नाही. लोक हसतील."

हेलन माझी बॉस. इंग्लंडमधल्या वॉटफर्डजवळच्या एका लॅबमध्ये मी जुन्या फिल्म्स दुरुस्त करते. ही मूकपटांच्या सुरुवातीच्या काळातली, जेमतेम दहा मिनिटांची. सैनिक रजेवर घरी येतो, परत जातो, बस्स. पण आमच्या स्कॅनमध्ये तो आधी जायचा आणि मग यायचा. रिपोर्टमध्ये 'अपूर्ण, कथा तुटक' असं मीच ठोकून दिलं होतं.

फिल्म दिली होती मार्गारेटबाईंनी. वय शहाऐंशी. त्यातली चार वर्षांची मुलगी म्हणजे त्यांची आई. आईचा लहानपणीचा एक फोटोसुद्धा त्यांच्याकडे नाही. त्यांना 'रद्द' म्हणून कळवायचं काम अर्थात माझ्याच गळ्यात पडलं.

फोन उचलला, ठेवला. जीवच होईना. म्हटलं, एकदा मूळ निगेटिव्ह तरी बघू. खालून दिवा असलेल्या काचेच्या टेबलावर ती पसरली. प्रत्येक शॉटच्या सुरुवातीला सुईने कोरलेला बारीक आकडा होता. स्कॅनमध्ये एकही नव्हता, आणि असणार कुठून? ओरखडे पुसणारं सॉफ्टवेअर मीच लावलं होतं. त्याने आकडेही ओरखडे समजून साफ केले. कपाळावर हात मारून घेतला.

त्या काळी निगेटिव्हवरून काढलेली प्रत रंगात बुडवायचे. दिवसाचे शॉट पिवळ्या, संध्याकाळचे निळ्या. सोय म्हणून निगेटिव्हमध्ये एका रंगाचे शॉट एकत्र जोडून ठेवत, आणि कथेचा क्रम त्या आकड्यांवरून कळे. आमचा सैनिक येतो संध्याकाळी, जातो सकाळी. आमच्या रिळात दिवसाचे, म्हणजे पिवळ्या रंगाचे शॉट आधी होते. एवढंच!

हेलनला आकडे दाखवले, माझी चूकही सांगून टाकली. ती म्हणाली, लावून दाखव, मग बघू. दुपारच्या चहापर्यंत एकतीस शॉट ओळीने लावले. तिने पूर्ण पाहिली आणि म्हणाली, "शुक्रवारी हीच शेवटी लाव."

शुक्रवारी हॉल भरला होता. पडद्यावर सैनिक दारात आला, मुलगी आईमागे लपली. शेवटी तीच त्याचा कोट सोडेना. कोणी हसलं नाही. टाळ्या मात्र अशा वाजल्या की मला रडूच आलं. शेजारी मार्गारेटबाई बसल्या होत्या.

"बघितलंत?" त्या म्हणाल्या. "आई अशीच हट्टी होती. शेवटपर्यंत."

हल्ली सॉफ्टवेअर लावण्याआधी मी फिल्म स्वतःच्या डोळ्यांनी बघते. हे शिकायला पंधरा वर्षं नोकरी करावी लागली.