छत्तीस फरश्यांचं घर

आमचं घर मी पहिल्यांदा पाहिलं ते पांढऱ्या रेषांचं. दिग्रसच्या कडेला, जिनिंगची लांबलचक भिंत संपते तिथे, एका मोकळ्या तुकड्यावर अब्बांनी डब्यातून चुन्याची फक्की सोडत खोल्या आखल्या. ही ओसरी, ही बैठक, हा आतला कमरा, ही रसोई. भिंती नव्हत्या, छप्पर नव्हतं, वर उन्हाळ्याचं रिकामं आभाळ होतं. अम्मी रसोईच्या चौकोनात जाऊन चक्क मांडी घालून बसली. मी धावत तिच्याकडे निघाले, तर तिने हात वर केला.

"भिंतीतून काहून येऊन राह्यली? दरवाजा तिकडे आहे ना."

मी तेरा वर्षांची होते, म्हणजे अशा खेळाला मोठीच. तरीही मुकाट्याने फिरून, फक्कीतल्या फटीतून, चपला काढून आत गेले. त्या दुपारी आम्ही तिघं त्या घरात तासभर राहिलो. मला आजही ते घर नंतरच्या विटांच्या घरापेक्षा स्पष्ट दिसतं.

अब्बा त्या जिनिंगमध्ये, कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, फिटर होते. सगळा जन्म मशिनींत आणि वऱ्हाडी मजुरांत गेल्यामुळे त्यांच्या तोंडी वऱ्हाडीच बसली होती, आणि त्यांच्यामुळे आमच्या घरातही. हंगाम दिवाळीच्या आगेमागे सुरू व्हायचा आणि ऊन तापलं की संपायचा. हंगामात ते घरी यायचे तेव्हा भुवयांवर, मिशीवर, कानांच्या पाळ्यांवर कापूस बसलेला असायचा. अम्मी त्यांना दारातच थांबवून पदराने झाडायची. पावसाळा मात्र पूर्ण आमचा होता. ते दिवसचे दिवस घरी असायचे. अम्मीचं धडधाकट शिलाई मशिन उगाच खोलायचे, एकेका पुर्ज्याला तेल द्यायचे, पुन्हा जोडायचे. दुपारी पालथे पडून हजची गोष्ट सांगायचे. ते गेले नव्हते, जाऊन आलेल्यांकडून ऐकलं होतं.

"तिथली फरशी उन्हात तापत नाही म्हणते. वर सूर्य आग ओकून राह्यला, अन् पायाखाली थंडगार."

हे सांगताना ते तळपाय एकमेकांवर घासायचे. मला वाटायचं, हा माणूस फक्त त्या फरशीवर पाय ठेवायलाच एवढ्या लांब जाणार.

पण हजला जायचं तर अंगावर कर्ज नको, ही त्यांची पक्की समजूत, आणि घर तर कर्जाशिवाय होणार नव्हतं. बँकेचं कर्ज दोन लाख, हप्ता चोवीसशे, मुदत पंधरा वर्षं. अब्बांनी हिशेब बोटांवर केला: पंधरा वर्षं घर, सोळाव्या वर्षी दोघं हजला. अम्मीने त्याच आठवड्यात हजला अंगावर घ्यायचं एक पांढरं कापड घेऊन पेटीच्या तळाशी ठेवलं. अब्बा हसले, पण कापड परत कर म्हणाले नाहीत.

राहता राहिलं व्याज. सूद घेणं गुन्हा, देणंही बरं नाही, हे लहानपणापासून मनात बसलेलं. अब्बांनी त्यावर कोणाशी वाद घातला नाही, कोणाला विचारलंही नाही. त्यांनी एक साधा उपाय काढला. बँकेचा कागद यायचा त्यात रकाने असायचे, हप्ता, व्याज, मुद्दल, बाकी. अब्बा तो कागद उभा दुमडायचे. वर फक्त तारीख आणि हप्ता दिसायचा, बाकी सगळं मागे. दुमडीवरून नखाने दोनदा रेघ ओढायचे आणि कुराणशरीफच्या खालच्या फळीवर ठेवून द्यायचे. सूद हा शब्द आमच्या घरात कोणी काढत नसे. आणि जो शब्द काढायचा नाही, त्याचा हिशेब कोण करणार? आम्ही फक्त वर्षं मोजत होतो. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. आमची किती लाखांची होती ते आम्हीच पाहिलं नव्हतं.

पाच वर्षं नीट गेली. मग कापसाचे ते दिवस आले. भाव पडले, गाड्या कमी झाल्या, जिनिंगचा भोंगा कधी दिवाळीनंतर महिनाभराने वाजायचा आणि होळीच्या आत गप्प व्हायचा. गावात सगळेच हळू बोलायला लागले होते. अब्बांच्या मिशीवरचा कापूस विरळ झाला. मला बारावीला चांगले गुण पडले होते आणि यवतमाळला बी.कॉम.ला जायचं होतं. खोली आणि मेस मिळून महिन्याला सहाशे रुपये लागणार होते. घरात सहाशे नव्हते. मला कोणी नाही म्हटलं नाही, आणि तेच जास्त लागायचं.

त्याच वेळी हप्ता भरायला गेलेल्या अब्बांना बँकेच्या साहेबांनी आपणहून थांबवलं. भला माणूस. दर ईदला अम्मी त्यांच्या घरी शिरखुर्म्याचा डबा पाठवायची. ते म्हणाले, हंगाम वाईट आहे, हप्ता हलका करून देता येईल. अब्बा कागद घेऊन आले.

"साहेब म्हणत होते, पोरीकडून पुरा वाचून घ्या, मंग सही करा. वाच बरं."

अब्बांना उर्दू सरळ वाचता यायची, मराठी अक्षरं जुळवत जुळवत. म्हणून घरातले कागद मी वाचायचे. मी ओसरीवर उभी राहून पहिली ओळ वाचली: "नवीन हप्ता रुपये अठराशे." चोवीसशेतून अठराशे गेले की सहाशे उरतात. हे समजायला बी.कॉम. लागत नाही. अम्मीने माझ्याकडे पाहिलं. तिचा चेहरा एकदम उजळला.

खाली दुसरी ओळ होती. उरलेली मुदत बावीस वर्षं. आधी दहा उरली होती.

मला ती दिसली. मी डोळे वर उचलले आणि म्हणाले, "बस, एवढंच आहे." अब्बांनी सही केली. अम्मीने संध्याकाळी शेवयांची खीर केली. मी दोन वाट्या खाल्ल्या.

यवतमाळचे दिवस मला एका लांब झोपेसारखे आठवतात. कॉलेजच्या खिडकीतून सागाची झाडं दिसायची, पानं मोठाली, दुपारी त्यांच्यावर ऊन नुसतं पडून राहायचं. दुसऱ्या वर्षी एकदा सरांनी फळ्यावर कर्जाचा तक्ता मांडला. ते म्हणाले, आपापल्या घरचं एखादं कर्ज घ्या आणि मांडा. मी आमचे आकडे घेतले. पेन्सिल खाली खाली जात राहिली. पहिल्या पाच वर्षांत आम्ही एक लाख चव्वेचाळीस हजार भरले होते आणि मुद्दलातून गेले होते तेहतीस हजारही नाहीत. बाकी सगळं दुमडीच्या मागे गेलं होतं. हप्ता हलका झाल्यानंतरच्या दोन वर्षांत भरले त्रेचाळीस हजार, फिटले साडेतीन. महिन्याचे सहाशे वाचवायला आम्ही बारा वर्षं जास्त देणार होतो, आणि वर जवळजवळ एक लाख नव्वद हजार. आणखी एका घराची किंमत. माझ्या मेसच्या पोळ्या जगातल्या सगळ्यांत महाग पोळ्या होत्या.

पावसाळ्यात चार दिवसांच्या सुट्टीत एसटीने घरी आले. अब्बा ओसरीवर पडले होते, तळपाय एकमेकांवर. बोटांवर मोजत म्हणाले, "आता आठ राह्यले बेटा. मंग मी अन् तुझी अम्मी."

मला सहन झालं नाही. मी आत गेले, फळीवरचे कागद काढले आणि एकेक उलगडला. दुमडी इतक्या जुन्या होत्या की काही ठिकाणी कागद फाटला. मग खडू घेऊन घरातल्या शहाबादी फरश्या मोजायला लागले. त्या दोनशेच्या आसपास भरल्या, मी दोनशेच धरल्या. एक फरशी म्हणजे हजार रुपये. दारापासून छत्तीस फरश्या मोजून मी रेष ओढली. ओसरी संपून बैठकीत जेमतेम दोन पावलं.

"एवढं आपलं झालं," मी म्हणाले. "सात वर्षांत. आठ नाही अब्बा, अजून वीस वर्षं आहेत."

अब्बा उठून त्या रेषेपाशी येऊन उभे राहिले. अम्मी रसोईच्या दारात उभी होती. वीस वर्षांनी अब्बा सत्तरीच्या पुढे असणार होते, हे तिघांनाही न बोलता कळलं.

"साहेबानं सांगतलं काहून नाही?" अब्बा म्हणाले. "एवढा विश्वास टाकला त्याच्यावर!"

मी खडू हातात धरून उभी होते. सांगायची वेळ तीच होती. मी वाकून उलगडलेले कागद गोळा करायला लागले.

दुपार कलल्यावर अस्रची अजान झाली तेव्हा अब्बांनी आतल्या कमऱ्यातलं जानमाज उचललं आणि रेषेच्या अलीकडे, ओसरीवर अंथरलं. त्या दिवसापासून नमाज तिथेच. पाऊस तिरका आला की शिंतोडे अंगावर यायचे, तरी ते आत सरकले नाहीत. "जेवढं फिटलं तेवढ्यात उभा राह्यतो," एवढंच म्हणाले.

दुसऱ्याच आठवड्यात त्यांनी बँकेत जाऊन हप्ता पुन्हा चोवीसशे करून घेतला. साहेबांशी बोलले नाहीत, बाबूकडेच काम उरकलं. हंगाम बंद झाला की ते यवतमाळजवळ लोहाऱ्याच्या एमआयडीसीत एका कारखान्यात मशिनी दुरुस्त करायला जाऊ लागले, आठवड्यातून एकदा घरी यायचे. मी खोली सोडली, नात्यातल्या एका खालांकडे, म्हणजे मावशीकडे, राहिले, शिकवण्या धरल्या. रेष हलू लागली. सुरुवातीला महिना-सव्वा महिन्याला एक फरशी. अम्मी जुनी रेष ओल्या फडक्याने पुसायची आणि नवी ओढायची. बैठक झाली, मग आतला कमरा सुरू झाला. शेवटी शेवटी तर महिन्याला दोन फरश्या. ज्या दिवशी रेष अम्मीच्या शिलाई मशिनच्या पलीकडे गेली, त्या दिवशी ती मशिनवर बसून नुसतीच पायडल हलवत राहिली. सुईत दोरा नव्हता.

तक्त्यात एक गोष्ट येत नाही. ते पावसाळे. पालथे पडलेले अब्बा, खोललेलं मशिन, तेलाचा वास, थंड फरशीची गोष्ट. त्या दुपारी पुन्हा कधी आल्या नाहीत. माझी चूक मला तिथे दिसायची, आकड्यांत नाही.

आणि साहेब. अब्बांनी त्यांना सलाम करणं सोडलं. ईदचा डबा बंद झाला. चहाच्या टपरीवर, मशिदीच्या पायरीवर, जिनिंगच्या फाटकाशी, ज्याला त्याला सांगायचे की त्या माणसाने गोड बोलून बारा वर्षांचा खड्डा खणला. साहेब समोरून आले की अब्बा रस्ता ओलांडायचे. एकदा साहेबांनी मला थांबवून विचारलं, "तुझ्या वडिलांना माझा कशाचा राग आला?" मी म्हणाले, माहीत नाही. ओंजळभर पाण्यात जीव द्यावा असं वाटलं, पण म्हणाले तेच.

पंधराव्या वर्षी नाही, सतराव्या वर्षी घर फिटलं. अम्मीने रसोईच्या शेवटच्या फरशीवरची रेष पुसली. मग दोन वर्षं पैसे साठले, आणि दोघांचं नाव हजला लागलं. पेटीतलं पांढरं कापड बाहेर निघालं. ते घडीवर पिवळं पडलं होतं.

निघण्याआधी माणूस घरोघर जातो आणि म्हणतो, कहासुना माफ करा. कोणाचं मन दुखवलं असेल तर ते इथेच मिटवून जायचं. मी तेव्हा बाभुळगावला शिकवत होते, रजा घेऊन आले. अब्बा ओसरीवर बसून कॅलेंडरच्या पाठीवर उर्दूत नावं लिहीत होते. सगळ्यांत वर साहेब.

"त्यानं सांगतलं नाही, ते त्याचं त्याच्यापाशी," ते म्हणाले. "पण माझी जीभ लय चालली त्याच्यावर. बारा वर्षं. आधी त्याची माफी मागतो."

मी त्यांच्यासमोर खाली बसले.

"अब्बा, साहेबांनी सांगितलं होतं. त्या कागदावर दुसरी ओळ होती. बावीस वर्षं. मी वाचली नाही."

त्यांनी पेन थांबवलं. "दिसली नसंन."

"दिसली होती."

आत अम्मी पीठ मळत होती. परातीचा आवाज थांबला.

अब्बांनी कॅलेंडरचा कागद हातात घेतला, सवयीने मधोमध दुमडला, दुमडीवरून नख फिरवणार तोच त्यांचं स्वतःकडे लक्ष गेलं. ते दुमडीकडे पाहत राहिले. मग कागद पुन्हा उलगडून मांडीवर सपाट केला.

"कागद कसा दुमडाचा, ते तू माझ्यापाशीच शिकली," ते म्हणाले. मग टोपी उचलत, "माझ्याकडून माफ. पण साहेबाचं मी कसं माफ करू? ते त्याच्यापाशी आहे." त्यांनी टोपी घातली. "चाल."

साहेब निवृत्त होऊन जुन्या स्टँडमागे राहत होते. आम्ही दुपारी पायी गेलो. अब्बांचा गुडघा आताशा वळत नव्हता, म्हणून हळू. दार साहेबांनीच उघडलं. अब्बांना दारात पाहून त्यांचा हात आपोआप कडीवर घट्ट झाला, मग सैल पडला. "या," ते म्हणाले.

अब्बांनी चपला काढल्या, पण आत गेले नाहीत. मला खांद्याला धरून पुढे केलं.

"मले बी बोलाचं आहे साहेब. पण आधी ही बोलंन." आणि माझ्याकडे वाकून, हळूच, जसे ओसरीवर म्हणायचे तसेच म्हणाले, "आज पुरा वाच, बेटा."

मी दुसऱ्या ओळीपासून सुरुवात केली.