गाणं थांबवून घेतलेलं नाव

दुबई मरीनातून निघतानाच माझ्या लेकीने, केतकीने, बजावलं, "आई, तिथे फार प्रश्न विचारू नकोस, प्लीज." तिच्या हमरिया फ्री झोनमधल्या ऑफिसातल्या अचिएंगने आम्हाला शारजाला घरी जेवायला बोलावलं होतं. अचिएंग केनियातली, लुओ समाजाची. प्रश्न विचारायचेच नाहीत तर मी पुण्याहून एवढ्या लांब आले कशाला?

शारजाच्या ट्रॅफिकमध्ये तासभर गेला. त्यात आम्ही चुकून भलत्याच घराची बेल वाजवली. दार उघडणाऱ्या इजिप्शियन गृहस्थांनी माझ्या डब्यातली एक चकली आनंदाने उचलली आणि "यल्ला (चला), समोर!" म्हणून दार दाखवलं.

अचिएंगकडे कुओन (मक्याच्या पिठाचा घट्ट उकडलेला गोळा) आणि अख्खा तळलेला मासा होता. हातानेच खायचं. मी माशाचं डोकंसुद्धा सोडलं नाही.

जेवणानंतर तिच्या भावाने गिटार काढली. गाणं असं ठेक्याचं की माझे गुडघे दुखायचे थांबले. मी विचारलंच, "काय म्हणतोय गं?"

"प्रेयसी दुसऱ्याशी लग्न करून गेली. त्याला घास गिळवत नाही," अचिएंग नाचता नाचता म्हणाली. केतकी मराठीत सांगत होती.

"अगं बाई! आणि नाचताय काय?"

"बसून रडलं तर ऐकणार कोण?"

मग तिने हात वर करून गाणं थांबवलं. याला पाक्रुओक म्हणतात: गाणं मध्येच थांबवायचं आणि आपली, आपल्या माणसाची तारीफ करायची. तिने ज्याचं नाव घेतलं तो तिला सोडून गेला होता, केतकीने कानात सांगितलं.

"तरी त्याचंच नाव?"

"तो गेला. हेरा (प्रेम) माझं होतं, ते कुठे जाईल?"

आणि गिटार माझ्याकडे वळली. केतकी घाईने म्हणाली, "तिला नको. बाबा गेलेत."

खरं सांगते, मला रागच आला. चाळीस वर्षं घरात 'अहो'च म्हटलं. नाव घ्यायचं ते फक्त उखाण्यात. ते गेल्यापासून तीन वर्षं सोसायटीतल्या डोहाळजेवणात उखाण्याची पाळी माझ्यापाशी आली की बायका पटकन पुढचीकडे वळतात. मला दुखू नये म्हणूनच, कळतं मला. पण नवऱ्याबरोबर त्याचं नावही गेलं की हो माझं!

अचिएंगला मात्र नवल वाटलं. "गेलेत? मग तर आधी घ्यायला हवं!"

मी उठले. पदर खोचला.

"वाळूच्या या गावामध्ये पाय धरती ठेका,
सुधाकररावांचं नाव घेते, गाणं थांबवून ऐका!"

केतकी सोडली तर कुणाला अक्षर कळलं नाही, पण नाव तेवढं पकडून भावाने "सुधाकर, सुधाकर" असं गाण्यातच ओवून टाकलं. सगळे नाचले. केतकी रडत होती, मीही.

पुण्याला परतल्यावर आठवड्यातच शेजारच्या सुनेचं डोहाळजेवण होतं. उखाणे सुरू झाले. माझ्या डावीकडचीचं झालं आणि सगळ्या उजवीकडचीकडे वळल्या.

मी म्हटलं, "थांबा गं. माझं राहिलंय."