महारुद्र वस्तादांचा शड्डू

परंड्याच्या किल्ल्याखाली महारुद्र वस्तादांची तालीम होती. जागा गावाची. देताना पंचांनी एकच अट घातलेली: वस्तादावर सरकारदरबारी गुन्हा शाबीत झाला, की जागा परत. वस्ताद नुसते हसले होते. आखाड्याबाहेर त्यांनी कधी कुणाला टिचकीसुद्धा मारली नव्हती. कारभारीण म्हणायची, "तुमच्या हातनं ढेकूण बी मरायचा न्हाय."

त्या जागेवर रामलिंगचा डोळा. निजाम सरकारच्या दारूविक्रीचा गुत्ता त्याच्याकडं, आणि दुकानाला रस्त्याकडेची जागा हवी. एका बाजारच्या दिवशी तो भर चौकात म्हणाला, "वस्ताद, लंगोट वाळत घालायला एवढी जागा कशाला लागती?"

माणसं खदाखदा हसली. वस्तादांनी मांडीवर शड्डू ठोकला, एक पाऊल पुढं टाकलं. रामलिंग घाबरून मागच्या गुळाच्या ढेपांवर कोलमडला. वस्ताद जागीच थांबले. अंगाला बोट लागलं नव्हतं.

तरी हल्ल्याची फिर्याद झाली. वकील मुनवरमियाँनी समजावलं, "वस्ताद, मारलं तरच हमला, असं न्हाय. नुसती शिवी दिली असती तर गोष्ट येगळी. पर हातवारा असा केला, की समोरच्याला वाटलं आता हा अंगावर येतो, तर झाला हमला. सजा लहान हाय. दंड, न्हायतर तीन महिन्यांपत्तुर कैद. पर गुन्हा त्यो गुन्हाच. शड्डू सवयीनं ठोकला, एवढं साक्षीदारानं सांगितलं की सुटलात."

साक्षीदार होता श्रीमंत नावाचा गडी, त्या दिवशी चौकात हजर असलेला. वस्तादांचा पट्टशिष्य, त्यांच्याच म्हशीच्या दुधावर पोसलेला. "माज्यावर सोडा, वस्ताद," म्हणाला होता.

कचेरीत मुन्सफसाहेबांनी त्याला विचारलं, "शड्डू म्हणजे काय?"

श्रीमंतनं वस्तादांकडं बघितलंच नाही. "साहेब, शड्डू म्हंजे, आता तुला धरतो. वस्तादांनीच शिकवलंय आमाला. उगं ठोकायचा न्हाय. ठोकला की भिडायचं."

त्यातला एक शब्द खोटा नव्हता. रोज पहाटे घसा फोडून वस्ताद हेच सांगत आले होते.

"मग ते थांबले का?" मुनवरमियाँ घाईनं म्हणाले.

"रामलिंगशेट आदीच पडले की."

दंड झाला. तालमीतल्या पोरांनी तिथल्या तिथं भरला. पण गुन्हा शाबीत झाला, तालीम गेली.

कचेरीबाहेर श्रीमंत रामलिंगच्या बैल जुंपलेल्या दमणीत बसलेला दिसला. वस्ताद जवळ गेले. "काय देतो म्हनला रं?"

"गुत्त्यावर नोकरी." श्रीमंतची मान खाली.

"दुकान कुठं?"

"तालमीतच."

तो उतरून पाया पडायला वाकला. वस्तादांनी पाय मागं घेतले.

"आदी आखाड्याच्या हौद्यातली माती उचलून बाहेर काढ," ते म्हणाले. "त्यात तेल, ताक, हळद जिरलीया. तुजा बी घाम हाय त्यात. तिच्यावर दारू सांडू नगंस."