आर्याजींचं पात्र

आमच्या लातूरच्या विहारात भन्ते यायचे असले की त्यांना आणायला गाडी जाते. जेवणात खीर असते, हातात पाकीट पडतं आणि कुणी काय दान दिलं ते माइकवरून दोनदा सांगतात. त्याच विहाराच्या मागच्या खोलीत भिक्खुणी आर्या सोमा राहायच्या. रोज झाडलोट करायच्या, पोरींना वंदना शिकवायच्या. त्यांची दखल घ्यायला मात्र कुणाला सवड नव्हती. याचा मला संताप येतो आणि तो मी कधी लपवला नाही.

आर्याजी म्हणजे पूर्वीची सिंधु, भूकंपाच्या पट्ट्यातली. त्या पहाटे घर बसलं, नवरा ढिगाऱ्याखाली गेला. मग मदतीचे ट्रक आले. एका साहेबाने तिला साडी दिली. फोटो नीट आला नाही म्हणून साडी परत घेतली आणि पुन्हा हात पसरायला लावला. त्याबद्दल त्या माझ्याशी एकदाच बोलल्या, "उज्वला, लुगडं मिळालं, पर मान गेली." पुढे त्यांनी चीवर घेतलं.

सकाळी त्या भिक्षेचं पात्र घेऊन वस्तीतून निघायच्या. दारापुढे नजर खाली घालून उभ्या राहायच्या. हाक नाही, मागणं नाही. कुणी वाढलं तर आशीर्वाद देऊन पुढे जायच्या, कुणी दिलं तेही मान वर करून बघायच्या नाहीत. मी कोचिंगच्या पोरांची मेस चालवते, त्यामुळे माझ्याकडे वरणभात तयारच असायचा. शेजारच्या केवळाबाईचं दार मात्र त्यांना बघून धाडकन लागायचं.

तिचंही चूक नव्हतं. तिच्या लहानपणी घरात येसकरकीची पाळी असायची. गावची कामं करायची आणि तिन्हीसांजेला टोपली घेऊन घरोघर "भाकर वाढा माय" म्हणून ओरडायचं. मग कुणीतरी शिळा तुकडा वरून टाकायचं. धम्म घेतला तेव्हा तिच्या बापाने ती टोपली चुलीत घातली. "आमी टोपली जाळली अन् तू पुन्हा मागायलीस व्हय?" ती आर्याजींना तोंडावर म्हणाली. आर्याजी निमूट ऐकून गेल्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा तिच्याच दारात उभ्या.

व्यंकटरावांना हे आयतंच कोलीत मिळालं. ते विहार समितीचे अध्यक्ष, बँकेतून निवृत्त झालेले, इस्त्रीच्या कपड्यातले. पावसाळ्याचा वर्षावास संपला तेव्हा विहारात चीवरदानाचा कार्यक्रम होता. श्रामणेर शिबिरात दहा दिवसांपुरती चीवरं घातलेली कोचिंगची पोरं मंचावर गाद्यांवर बसली होती. इतकी वर्षं चीवरात काढलेल्या आर्याजी खाली सतरंजीवर, आम्हा बायकांत. माझं डोकं तिथेच तापलं होतं.

व्यंकटराव माइकवर म्हणाले, "वस्तीत बाहेरगावचे शिकलेले लोक येतात. आपली बाई दारोदार भीक मागते, हे शोभत नाही. आर्याजींनी पात्र ठेवून द्यावं, नाहीतर खोली सोडावी. केवळाबाई, तुम्हीच सांगा, हे बरोबर हाय का?"

केवळाबाई गुडघ्यांवर हात टेकत उठली.

"भीक म्या मागितलीय, व्यंकटराव. तुमी न्हाई. भिकेला ओरडावं लागतं. ही तोंड उघडत न्हाई. म्या शिव्या घातल्या तरी येती. आमच्या गावात माझ्या हातचं पाणी कुणी घेतलं न्हाई. जो आला त्यो मला टाकायलाच आला. माझ्या दारात घ्यायला येणारी ही पयली. अन् तिला तुमी बंद करता?"

व्यंकटरावांनी माइक पुन्हा तोंडाशी धरला आणि पात्र बंद करायचा ठराव मंजूर झाल्याचं सांगून टाकलं. आर्याजींनी पात्र ठेवलं नाही. सकाळी खोलीला कुलूप लागलं.

आता त्या केवळाबाईच्या पडवीत राहतात. पहिली गरम भाकर केवळाबाई दोन्ही हातांनी पात्रात ठेवते आणि वाकते. भन्त्यांना आणायला गाडी अजून जाते, माइकवर नावं अजून वाजतात.

आणि आर्याजी रोज व्यंकटरावांच्या दारापुढेही जाऊन उभ्या राहतात, तशाच मान खाली घालून. मी म्हटलं, तिथे तरी जाऊ नका. त्या म्हणाल्या, "त्याचं दार का वगळू?" मला हे पटत नाही. मी माझ्या दारात वरणाचा डाव घेऊन उभी राहते आणि तिकडे बघत चरफडते. ते दार अजून उघडलेलं नाही.