गाभण मेंढीची लोकर

मेंढ्या कातरणाऱ्या त्या माणसाला सगळे ‘सावकाश’ म्हणत. बाकीचे एका सकाळी वीस मेंढ्या उरकत, तो आठ. पण त्याच्या हाताखालून सुटलेली मेंढी उधळत नसे. अंग झटकायची आणि चरायला लागायची.

त्याच्या थोरल्या बहिणीकडे सहा मेंढ्या होत्या. मागच्या वर्षी सावकाश तापाने अंथरुणाला खिळला, म्हणून तिने दुसऱ्याला बोलावलं. त्याने त्यांतल्या एका गाभण मेंढीला धाडकन आडवं पाडलं, गुडघ्याखाली दाबून धरलं. चौथ्या दिवशी ती गाभडली. यंदा तीच मेंढी पुन्हा गाभण होती. लोकरीचे गठ्ठे झालेले, ऊन वाढलेलं, मेंढी धापा टाकायची. पण बहीण कुणाला हात लावू देईना.

“मलासुद्धा नाही?” सावकाशने विचारलं.

“तुला देते. पण यंदा पिल्लू गेलं तर मी मेंढ्याच विकून टाकीन.”

ठरल्या दिवशी तो उजाडताच आला. मेंढी तट्ट फुगलेल्या पोटाने उभी, समोरचं घमेलं चाटूनपुसून लख्ख.

“ताई, हिला चारलंस?”

“मग काय उपाशी कातरणार होतास? दोन जिवांची आहे ती!”

त्याने कातर पुन्हा फडक्यात गुंडाळली. “भरल्या पोटी टेकवून बसवली की हिचा श्वास कोंडतो. उद्या बघू. आज रात्री वैरण नको.”

“म्हणजे माझंच चुकलं!”

“चुकलं नाही, जास्त झालं. मलाही असंच वाढायचीस.”

“तरी अंगी लागलं नाही,” म्हणत ती आत गेली.

दुसऱ्या दिवशी गोठ्याच्या फटींतून उन्हाच्या पट्ट्या उतरल्या होत्या आणि त्यांत लोकरीचे तंतू तरंगत होते. मेंढीला एकटं वाटू नये म्हणून त्याने दुसरी मेंढी समोरच बांधली. कातरीची पाती तळहातात धरून कोमट केली. मग मेंढीला अलगद आपल्या गुडघ्यांना टेकवलं, आणि ती उशीसारखी सैल पडली. डाव्या हाताने कातडी ताणायची, उजव्याने कातरायचं. दुधावरची साय निघावी तशी लोकर एकसंध उतरत गेली. मेंढीचे डोळे मिटायला लागले. दाराशी उभी बहीणही जणू झोपेत असल्यासारखी ते बघत राहिली.

कातर एकदम थांबली.

“काय झालं रे?”

“शू. इकडे ये.” त्याने तिचा हात मेंढीच्या उघड्या कुशीवर ठेवला. आतून एक टणक ढुशी लागली, मग दुसरी.

“आता?”

“आता थांबायचं. पिल्लाचं खेळून होऊ दे.”

ढुशा थांबल्यावर त्याने कातर पुन्हा उचलली आणि उरलेली लोकर उतरवली.

पुढचे चार दिवस बहीण गोठ्यातून हलली नाही. पाचव्या दिवशी ती पहिल्यांदा पोटभर जेवली. तीन आठवड्यांनी पिल्लू झालं. तिने ते पुसलं, आईच्या तोंडाशी ठेवलं, आणि ते दूध ओढायला लागेपर्यंत कुणाला हाक मारली नाही.