मावशीचं मोबाईलमधलं शेत

हरवलेली वस्तू परत मिळते, या एका गोष्टीवर माझ्या मावशीची जेवढी श्रद्धा आहे तेवढी अख्ख्या मराठवाड्यात दुसऱ्या कुणाची नसेल. तुम्हीआम्ही वस्तू हरवली की चुकचुकतो, घरच्यांवर डाफरतो आणि संध्याकाळपर्यंत विसरून जातो. मावशीच्या मते वस्तू हरवत नाही. ती कुठेतरी असते आणि आपण तिथे नसतो, एवढाच काय तो घोटाळा. एकदा उदगीरहून नांदेडला येताना तिची छत्री एसटीत राहिली. लक्षात येईपर्यंत गाडी पुढे गेली होती. मावशीने घरी निरोप दिला की जेवायला थांबू नका, आणि स्टँडवरच्या बाकावर पदर सावरून बसली ती तीच गाडी परतीच्या फेरीला येईपर्यंत. मधल्या वेळात शेजारच्या बाईच्या नातवाचं जावळ कधी काढायचं हेही तिने ठरवून दिलं. कंडक्टरने छत्री हातात देत म्हटलं, "मावशी, एवढ्या वेळात नवी आणली असती की." मावशी म्हणाली, "आणली असती. मग ह्या छत्रीनं कुणाकडं बघायचं व्हतं?"

लग्नात चपला गेल्या तर माणसं अनवाणी घरी येतात. मावशी तशी आली नाही. ती कार्यालयाच्या दारात उभी राहून जाणाऱ्या प्रत्येक बाईच्या पायांकडे पाहत राहिली, आणि अखेर वरपक्षाकडच्या एका ठसठशीत बाईंच्या पायात तिला आपल्या चपला दिसल्या. आरडाओरडा नाही, भांडण नाही. ती त्यांच्या बरोबरीने चालू लागली, त्यांच्या गुडघेदुखीची चौकशी केली, या असल्या चपलांनीच गुडघे जातात असं पटवून दिलं आणि रिक्षात बसायच्या आत चपला स्वतःच्या पायात घेऊन मोकळी झाली. त्या बाई अजून तिला सणावाराला फोन करतात.

फोनचंही एक प्रकरण आहे. मावशीचा फोन देवणीचा. देवणी हे तिचं सासर, आणि मुलाला रेल्वेत नोकरी लागून त्याने तिला नांदेडला फ्लॅटात आणण्याआधी तिने तो तिथल्या बसस्टँडसमोरच्या दुकानातून घेतला होता. गिऱ्हाइकाला काही कळत नाही हे धरून, फोनमध्ये लागेल ते सगळं स्वतः भरून द्यायचं, ही त्या दुकानदाराची पद्धत. मावशीच्या फोनमध्ये पहिल्या दिवसापासून तालुक्यातल्या निम्म्या लोकांचे नंबर होते. 'बोअरवाला', 'नवे सरपंच', 'पिंकीचे सासरे'. मावशीला वाटलं, फोनबरोबर कंपनीच देत असेल. नंबर आहे म्हणजे ओळख आहे, आणि ओळख आहे तर विचारपूस करायला हवी, म्हणून दिवाळीत ती या सगळ्यांना फोन लावायची. पुढे पिंकीच्या डोहाळजेवणाचं आमंत्रण आलं, मावशी खण घेऊन गेली, आणि पिंकी कोण हे तिला तिथे गेल्यावर कळलं.

फक्त एक नंबर तिने कधीच लावला नव्हता. तो तिने स्वतः भरलेला होता, 'अक्का' या नावाने. अक्का म्हणजे तिची थोरली जाऊ. घरं वेगळी झाली तेव्हा जनावरांच्या चिठ्ठ्या टाकल्या, आणि मावशीने वासरापासून वाढवलेली चांदी नावाची देवणी जातीची गाय अक्काच्या वाट्याला गेली. इथवर मावशीची काही तक्रार नव्हती. चिठ्ठी ती चिठ्ठी. पण पुढे चांदी व्यायली, पाडी झाली, तिचं नाव गौरी ठेवलं, आणि पहिल्या दुधाचा चीक सगळ्या भावकीत वाटला गेला. मावशीच्या दारात तेवढा आला नाही. आमच्याकडे चीक न पाठवणं म्हणजे नातं मोडल्याचं तोंडावर सांगणं. तेव्हापासून दोघींचं बोलणं बंद, आणि पुढे चांदी म्हातारी होऊन गेली तीही बातमी मावशीला भाजीबाजारात तिसऱ्याच माणसाकडून कळली.

नांदेडला तिसऱ्या मजल्यावर मावशीचा जीव रमेना. सकाळी इष्टलिंगाची पूजा आटोपली की हाताला काम नाही. तिथे तिला शेतीचा तो गेम सापडला. पेरायचं, पाणी द्यायचं, कापायचं, कोंबड्यांची अंडी उचलायची, गाईला चारा टाकून दूध काढायचं. गेममधली गाय पांढऱ्या अंगावर काळे ठिपके असलेली होती. आम्ही तिला परदेशी गाय समजायचो. मावशीने एका नजरेत सांगितलं की ही आपल्या देवणी गाईंतली ठिपक्यांची शेवरी आहे, गेम काढणाऱ्याने आपली जनावरांची जत्रा पाहिलेली दिसते. तिने गाईचं नाव ठेवलं चांदी. मग पूजा झाली की शेत, दुपारच्या चहाआधी शेत. पाहुणे आले तरी "थांबा, धार काढून येते" असं म्हणून ती फोन घेऊन आत जायची, आणि पाहुणे तिसऱ्या मजल्यावर बसून एकमेकांकडे बघायचे.

घात झाला तो शुभेच्छांनी. रोज येणाऱ्या सुप्रभाताच्या चित्रांनी फोन इतका दाटला की उघडेना. माझ्या मावसभावाने, म्हणजे मावशीच्या मुलाने, चांगल्या मनाने तो पूर्ण पुसून काढला, स्वतःचं खातं घालून पुन्हा सुरू केला आणि गेमही परत टाकून दिला. मावशीने उघडला तर शेत गायब. नुसती मोकळी जमीन, एक कोंबडी, आणि एक हसरं बुजगावणं, जे बोट दाखवून तिला पेरायचं कसं ते शिकवू लागलं. जन्मभर शेती केलेल्या बाईला याहून मोठा अपमान नाही. मुलगा म्हणाला, "आई, नव्याने कर की सुरू, त्यात काय." मावशीने त्याच्याकडे असं पाहिलं की तो ऑफिसला डबा न घेताच गेला.

"माझी चांदी त्यातच हाय कुठंतरी," ती म्हणाली, "एक डाव गेली. दुसऱ्यांदा जाऊ द्यायची न्हाई." एवढं बोलून तिने कंबर कसली. नांदेडच्या बाजारातली मोबाईलची दुकानं तिने पालथी घातली. एकाने सांगितलं पुसलेलं परत येत नाही, तर तिने त्याला छत्रीची हकीकत सांगितली. दुसऱ्याने कसलंसं सॉफ्टवेअर लावून तिला तिचेच जुने सुप्रभात परत आणून दिले. तिसऱ्या दुकानात तिची कीर्ती आधीच पोहोचली होती. तिला येताना पाहून मालक जेवायला गेल्याचं सांगण्यात आलं, तेव्हा ती मालक जेवून येईपर्यंत बसली, आणि आत दडलेल्या मालकाला खरोखरच जेवायला जावं लागलं.

मग तिने लातूरची गाडी धरली आणि माझ्या दारात येऊन उभी राहिली. मी एका पतसंस्थेत संगणकापुढे बसतो. त्यामुळे नात्यात मला इंजिनिअर समजतात. मी कधी कुणाचा गैरसमज दूर केला नाही, त्याचं हे फळ. पण फोन हाती घेतल्यावर माझ्याही लक्षात आलं की गेम फोनमध्ये नसतोच, तो खात्यात साठतो. जुनं खातं फोनमध्ये घातलं की शेत जसंच्या तसं येईल. खातं कोणतं, असं विचारलं तर मावशीला माहीत नाही. पासवर्ड विचारला तर ती म्हणाली, असलं काही मी वापरत नाही, सगळं दुकानदारानं भरलं. तेवढं ऐकून मी समजलो की आता देवणीला जावं लागणार, आणि मी समजेपर्यंत मावशीने चप्पल घातली होती.

दुकानदार शांत माणूस. आम्ही सगळं सांगितलं, तेव्हा तो म्हणाला की खातं सापडायचा प्रश्नच नाही, कारण खातं एकच आहे. दुकान उघडलं तेव्हा त्याने एक खातं काढलं होतं, आणि त्यानंतर विकलेल्या प्रत्येक फोनमध्ये तेच घातलं होतं. मी डोक्याला हात लावला. निम्म्या तालुक्याचे नंबर मावशीच्या फोनमध्ये कुठून आले, ते आता उमगलं. मी त्याला धोके समजावून सांगू लागलो. तो ऐकून घेऊन म्हणाला, "साहेब, परतेकाचं येगळं काढलं तर पासवर्ड ध्यानात कोण ठेवावं? ही माणसं घरातल्या लेकरांची नावं चुकतात. माझ्याकडं सगळं एका जागी हाय. कुणाच्या घरी बारसं झालं ते मला पेढ्याच्या आधी कळतं." मग त्याने तळहाताचा आडोसा करून पासवर्ड मारला.

शेत उघडलं. मावशीने चष्मा पुसून घातला. तिची तयारी होती ती करपलेली पिकं आणि उपाशी गाय बघायची. कितीतरी दिवस त्या शेताकडे कुणी फिरकलं नसणार, असा आमचा दोघांचा हिशेब. पण शेत हिरवंगार होतं. मावशीचा मका जाऊन बांधापासून बांधापर्यंत सोयाबीन डोलत होतं. अंडी उचललेली होती. चांदी गोठ्यात होती, पोट भरलेली. आणि तिच्या शेजारी दुसरी गाय उभी होती. मावशीने बोट टेकवून तिचं नाव वर आणलं. गौरी.

दुकानदार आपणहून म्हणाला की तुमच्या थोरल्या जाऊबाईंनी मध्ये आपल्याकडूनच फोन घेतला, खेळाचं म्हणाल्या म्हणून तोच गेम टाकून दिला, उघडला तर आयतं शेत निघालं. मावशीने फोन पिशवीत ठेवला. अक्काचं घर तिथून हाकेच्या अंतरावर. मावशीने त्या बोळाकडे एकदा पाहिलं आणि ती उदगीरच्या बसमध्ये चढली. मी तिला धीर देत म्हटलं की काळजी करू नको, काहीतरी करून ते शेत तुझ्या एकटीच्या नावावर करतो, म्हणजे दुसरं कुणी आत येणार नाही. ती खिडकीबाहेर बघत म्हणाली, "राहू दे. गाईला दोन्ही येळचा चारा मिळून राहिलाय, कशाला तोडतो."

त्यानंतर त्या शेतात जे चाललं त्याला भांडण म्हणावं की संसार, मला ठरवता आलं नाही. मावशीने सोयाबीन कापून मका पेरला. दुपारी बघते तो मका निघालेला आणि पुन्हा सोयाबीन. असं बरेच दिवस चाललं. मग एका सकाळी विहिरीकडच्या अंगाला मका शिल्लक ठेवलेला दिसला. मावशीने तो इशारा ओळखला आणि दुसरी बाजू सोयाबीनला सोडून दिली. पुढे सकाळची धार मावशीची आणि दुपारची अक्काची, हेही असंच न बोलता ठरलं. एवढ्या वर्षांत भावकीतल्या शहाण्यासुरत्या माणसांना जे जमलं नव्हतं ते तिथे बोटाने चाललं होतं. फोन मात्र दोघींपैकी कुणीही केला नाही. मी एकदा सुचवून पाहिलं. मावशी म्हणाली, चीक कुणी पाठवायचा होता ते आधी विचार.

गेल्या महिन्यात मी कामानिमित्त नांदेडला गेलो होतो. जेवणं झाली, मावशीने फोन उघडला आणि ती तशीच बसून राहिली. दुपार टळत आली होती, अंडी पडलेली होती आणि दोन्ही गाई भुकेलेल्या होत्या. तिने चारा टाकला, दूध काढलं, थोडा वेळ थांबून पुन्हा पाहिलं. पिकलेलं सोयाबीन तसंच उभं. अक्का पिकलेलं सोयाबीन उभं ठेवणारी बाई नव्हे, हे मावशीइतकं कुणाला ठाऊक असणार. ती उठली, खोलीत एक फेरी मारून आली, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिने तो नंबर लावला. सवयीप्रमाणे स्पीकर चालू ठेवून.

"अक्का, मी हाय. गाई तशाच उभ्या हायत. बरं न्हाई का तुमाला?"

पलीकडून एक थकलेला आवाज म्हणाला की डोळ्याचं ऑपरेशन झालंय, डॉक्टरने फोनकडे बघायचं नाही म्हणून सांगितलंय. आणि लगेच विचारलं, "गौरीला टाकलास का चारा?"

"टाकला. दोघींनाबी."

"तुझा चीक ठेवला व्हता मी," अक्का म्हणाली. "पाडी बघायला येशील म्हणून वाट बघितली. रोज गार पाण्यात ठेवायचे. नासला शेवटी."

एवढी बोलघेवडी, एवढी हट्टी माझी मावशी, पण फोन हातात धरून नुसती मान हलवत होती, आणि ती मान अक्काला दिसत नव्हती. अखेर "येते मी," एवढंच म्हणून तिने फोन ठेवला. मी पाणी प्यायला उठलो.

थोड्या वेळाने तिने मला जवळ बोलावून फोन पुढे केला. या गेममध्ये दुधाचा खरवस करता येतो का, हे तिला जाणून घ्यायचं होतं. मी शोधून पाहिलं आणि सांगितलं की चीज होतं, लोणी होतं, खरवस होत नाही. "मग गाई कशाला दिल्या ह्यांनी," ती म्हणाली, आणि तिने चीक शोधायला पिशवी उचलली. नांदेडमधल्या कोणत्या गवळ्याची गाय नुकती व्यायली आहे हे तिने संध्याकाळच्या आत शोधून काढलं. ते तिने कसं शोधलं हे मी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिला उदगीरवरून देवणीला जाणाऱ्या गाडीत बसवून दिलं. मांडीवर खरवसाचा डबा, त्यावर दोन्ही हात. पाऊस येईल असं आभाळ होतं, तरी तिने छत्री घेतली नव्हती. मी आठवण केली, तर म्हणाली की वाटेत छत्री राहिली तर ती शोधायला उतरावं लागेल, आणि आज मला मधे कुठं उतरायचं नाही. गाडी हलली तेव्हा तिने खिडकीतून मला फोन दिला. मी घेतला आणि मुकाट्याने दोघींच्या वाटणीचा चारा टाकायला बसलो.