सारवलेली भिंत

"एवढी चकाचक भिंत. हिला दुरुस्ती कशाला पाहिजे? फुकटचं मिळतंय म्हणून मागायचं."

पंचनाम्याला आलेले साहेब आमच्या उंबऱ्याबाहेरूनच बोलले. नाकाला रुमाल. सोबत गावचे पाटील. माय पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. तिच्याकडे कुणी पाहिलंही नाही.

चूक आमचीच. अतिवृष्टीत दारासमोरची भिंत फुटली होती. हात आत जाईल एवढी फट. घरदुरुस्तीच्या अनुदानासाठी मी अर्ज केला. पण साहेब घरी येणार हे कळलं आणि मायचा जीव खालीवर झाला. आमच्या वस्तीत कधी कोण साहेब आला होता? आदल्या दिवशी तिनं फटीत चिंध्या कोंबल्या, वरून माती लिंपली, शेणानं सारवलं. चारठाण्याच्या बाजारातून आणलेल्या पांढऱ्या मातीचा हात फिरवला. पाणी मीच आणून दिलं. जन्मभर घाणेरडे म्हणून ऐकलेलं. एकदा तरी घर स्वच्छ दिसावं, एवढंच तिला वाटलं.

साहेबांनी बाहेरूनच मोबाइलवर फोटो काढला. कागदावर काही लिहून मायपुढे धरलं. मी वाचलं. 'नुकसान नाही.'

पाटील म्हणाले, "कर की अंगठा. साहेबाला उशीर व्हायलाय."

मायनं अंगठा पुढे केला. त्याच भिंतीखाली आम्ही झोपतो. माती गळाल्याचा आवाज आला की माय मला ओढून अंगणात नेते. आणि पाटलांच्याच शेतात आमची रोजंदारी. उद्या बोलावलं नाही तर?

तरी मी मायचा हात मागे ओढला. कोपऱ्यातलं खुरपं घेतलं आणि भिंत खरवडली. चिंध्या उपसल्या. फटीतून मागची बोर दिसली.

"आता काढा फोटो," मी म्हणाले. आवाज चिरकला. "आत येऊन काढा."

साहेब आत आले नाहीत. अंगठ्याविना कागद घेऊन गेले. पाटील मायला म्हणाले, "पोरीला आवर. लय शहाणी व्हायलीय."

त्या आठवड्यात शेतावर बोलावणं आलं नाही. माय रडली. म्हणाली, "बुजव गं ती फट. आलंगेलं माणूस काय म्हणंल?"

नाही बुजवली. अंथरूण दाराकडे ओढलं. मी भ्याले होते, अजूनही भिते. दर सोमवारी तालुक्याला जाते. तोच अर्ज, सोबत त्या फटीचा फोटो. साहेब आत येऊन, फटीसमोर उभा राहून खरं लिहीपर्यंत त्या भिंतीला मी मातीचं एक बोटही लावू देणार नाही.